प्रज्ञावान बालक, कुटुंब आणि घरातील पहिला संगणक : नाशिकच्या संदर्भात एक विवेचन

सारांश

सर्वसामान्य मराठी कुटुंबात पहिला संगणक बहुधा मुलाच्या शिक्षणासाठी घेतला जातो; परंतु त्याच्या आगमनाने सर्वांत मोठा बदल घडतो तो घरातील वडीलधाऱ्यांच्या स्थानात. मूल प्रज्ञावान असेल तर हा बदल फार लवकर जाणवू लागतो. प्रस्तुत लेखात १९९० च्या दशकाच्या अखेरीपासूनच्या नाशिक शहराच्या संदर्भात या स्थित्यंतराचे विवेचन केले आहे. प्रज्ञावान बालकाची संकल्पना, भाषेचा अडसर, अध्यापनाची उलटलेली दिशा, चुकीकडे पाहण्याची दृष्टी आणि देशविदेशांतील संशोधनांचे निष्कर्ष यांचा परामर्श घेतला आहे. घरातील संगणकाचा लाभ यंत्राच्या क्षमतेपेक्षा वडीलधाऱ्यांच्या जाणत्या सहवासावर अधिक अवलंबून असतो, असे प्रतिपादन येथे केले आहे.

बीजसंज्ञा : प्रज्ञावान बालक, कुटुंब, गृहसंगणक, पालकत्व, नाशिक, संगणक साक्षरता.

१. प्रस्तावना

घरातील पहिला संगणक हा विषय आज कालबाह्य झाला आहे, असे अनेकांस वाटते. आकडेवारी मात्र वेगळे सांगते. २०११ च्या जनगणनेनुसार भारतातील सुमारे ९.५ टक्के कुटुंबांकडेच संगणक होता. राष्ट्रीय नमुना सर्वेक्षणाच्या ७५ व्या फेरीत, म्हणजे २०१७-१८ मध्ये, हे प्रमाण ग्रामीण भागात ४.४ टक्के आणि शहरी भागात २३.४ टक्के एवढे आढळले. याचा अर्थ असा की, त्या वर्षापर्यंत देशातील बहुसंख्य कुटुंबांच्या घरात पहिला संगणक अद्याप यायचाच होता. २०२० च्या टाळेबंदीत ऑनलाईन वर्ग सुरू झाले, तेव्हा ही उणीव प्रत्येक महाविद्यालयीन शिक्षकाने आपल्या वर्गाच्या हजेरीत अनुभवली.

म्हणून ज्या कुटुंबांनी १९९८ ते २००८ या काळात हा उंबरठा ओलांडला, त्यांचा अनुभव केवळ स्मरणरंजनाचा विषय नाही. त्यातून पुढील कुटुंबांस, आणि त्या कुटुंबांतून महाविद्यालयात येणाऱ्या विद्यार्थ्यांच्या शिक्षकांस, काही शिकता येते. या अनुभवाचे सर्वांत ठळक रूप प्रज्ञावान मुलाच्या घरात दिसते. अशा मुलाची शिकण्याची गती इतकी अधिक असते की, सामान्य घरात वर्षानुवर्षे हळूहळू होणारे बदल तेथे काही आठवड्यांत घडून येतात. त्यामुळे सर्वच कुटुंबांना लागू पडणारे प्रश्न तेथे मोठ्या आकारात पाहावयास मिळतात.

२. प्रज्ञावान बालक म्हणजे काय ?

मराठी घरात ‘हुशार’ हा शब्द फार सैलपणे वापरला जातो. शाळेत पहिला येणारा, त्या काळी चौथी आणि सातवीस होणाऱ्या शिष्यवृत्ती परीक्षेत चमकणारा, पाढे धडाधड म्हणणारा मुलगा हुशार ठरतो. मानसशास्त्राने मात्र प्रज्ञेची कल्पना गुणपत्रिकेपुरती ठेवलेली नाही. जोसेफ रेन्झुली यांनी १९७८ मध्ये मांडलेल्या त्रिवलय सिद्धांतानुसार सरासरीहून अधिक क्षमता, सर्जनशीलता आणि कार्यनिष्ठा या तीन गोष्टी जेथे एकत्र येतात, तेथे प्रज्ञावान वर्तन प्रकट होते. त्यांपैकी तिसरी गोष्ट, म्हणजे आवडीच्या कामात तासन्‌तास बुडून जाण्याची वृत्ती, आपल्या परीक्षापद्धतीत मोजलीच जात नाही. घरी मात्र ती ‘हट्टीपणा’ किंवा ‘नाद’ या नावाने ओळखली जाते.

दुसरी महत्त्वाची बाब विषमगती विकासाची आहे. लेटा हॉलिंगवर्थ यांनी अतिशय उच्च बुद्ध्यंक असलेल्या मुलांचा दीर्घकाळ अभ्यास केला. तो त्यांच्या निधनानंतर १९४२ मध्ये ग्रंथरूपाने प्रसिद्ध झाला. अशा मुलांची बुद्धी प्रौढाची, भावना मात्र बालकाच्या असतात आणि त्यामुळे त्यांच्या वाट्यास एक विशिष्ट प्रकारचे एकटेपण येते, हे त्यांनी दाखवून दिले. दहा वर्षांचे मूल तर्कात चौदा वर्षांच्या मुलासारखे असते. पण हरल्यावर ते सहा वर्षांच्या मुलासारखे रडू शकते. पालकांची गफलत येथेच होते. मुलाच्या बोलण्यावरून ते त्याच्या समजुतीचा अंदाज बांधतात आणि त्याला आधाराची गरज उरलेली नाही, असे मानू लागतात.

महाराष्ट्रात या प्रश्नाचा पद्धतशीर विचार पुण्याच्या ज्ञान प्रबोधिनीने केला. डॉ. वि. वि. ऊर्फ आप्पा पेंडसे यांनी १९६२ मध्ये स्थापन केलेल्या या संस्थेने बुद्धिमान विद्यार्थ्यांच्या शिक्षणाला सामाजिक जबाबदारीची जोड दिली आणि १९६९ मध्ये त्यांच्यासाठी स्वतंत्र प्रशाला सुरू केली. संस्थेच्या मानसशास्त्र विभागाने गिल्फर्ड यांच्या बुद्धिरचनेच्या प्रारूपावर आधारित काम केले. परंतु पुण्याबाहेरील बहुसंख्य प्रज्ञावान मुलांच्या वाट्यास अशी शाळा आली नाही. त्यांची प्रज्ञा जोपासण्याचे काम घरालाच, आणि तेही कोणत्याही पूर्वतयारीविना, करावे लागले.

३. नाशिकमधील घर आणि यंत्राचा पूर्वानुभव

नाशिक हे तीर्थक्षेत्र म्हणून ओळखले जात असले, तरी विसाव्या शतकात त्याची जडणघडण कारखान्यांनी केली. नाशिकरोड येथे १९२५ मध्ये भारत प्रतिभूती मुद्रणालय आणि १९२८ मध्ये चलार्थपत्र मुद्रणालय सुरू झाले. ओझर येथे १९६४ मध्ये हिंदुस्थान एरोनॉटिक्सचा मिग विमानांचा कारखाना उभा राहिला. त्यानंतर सातपूर आणि अंबड येथील औद्योगिक वसाहतींनी शहराचे रूप बदलले. त्यामुळे येथील मध्यमवर्गीय व कामगार कुटुंबांत यंत्र ही अपरिचित गोष्ट नव्हती. परंतु कारखान्यातील यंत्राचे एक शिस्तशास्त्र असते. प्रशिक्षणाशिवाय त्याला हात लावायचा नसतो, ते बिघडले तर जबाबदारी निश्चित केली जाते आणि त्याचे झाकण उघडण्याचा अधिकार फक्त देखभाल विभागाला असतो. यंत्रासंबंधीची ही धारणा घेऊनच वडील घरात संगणक आणतात.

त्या काळातील अशा घराचे एक प्रातिनिधिक चित्र पुढे मांडले आहे. ते कोणा एका कुटुंबाचे नसून अनेक घरांत सर्रास आढळणाऱ्या गोष्टी एकत्र करून रेखाटलेले आहे. संगणकासाठी पतपेढीचे कर्ज काढलेले असते किंवा शासकीय सेवेतील पालकाने संगणक अग्रिम घेतलेले असते. यंत्र बहुधा सुटे भाग जोडून तयार केलेले, म्हणजे ‘असेम्बल’ केलेले असते. त्याची किंमत घरातील कमावत्या व्यक्तीच्या अनेक महिन्यांच्या पगाराएवढी असते. त्याला हळदीकुंकू वाहून नारळ फोडला जातो. बैठकीच्या खोलीत दूरचित्रवाणी संचाशेजारी त्याची स्थापना होते, आई त्यावर भरतकामाचे आच्छादन शिवते आणि चप्पल घालून त्याच्याजवळ जाण्यास मनाई असते. खरेदीमागील हेतू ‘मुलाच्या अभ्यासासाठी’ असा सांगितला जातो. मात्र संगणकावर नेमका कोणता अभ्यास करावयाचा, हे घरात कोणालाच ठाऊक नसते.

पहिले काही दिवस संगणक सर्वांचा असतो. आठवड्याभरातच तो त्या मुलाचा होतो. वडील एक-दोनदा पत्त्यांचा खेळ खेळतात. आजोबा त्यावर ज्ञानेश्वरी दिसते का, असे विचारतात. मुलाने मात्र तोवर खेळ ज्या फोल्डरमध्ये साठवला आहे ते शोधून काढलेले असते आणि आतील एखादी फाईल नोटपॅडमध्ये उघडून बदललेली असते. महिन्याभरात संगणक बंद पडतो. दुकानातील माणूस येऊन विंडोज पुन्हा भरून देतो. ‘तू काय केलेस ?’ हा प्रश्न त्या घरात प्रथमच इतक्या गांभीर्याने विचारला जातो आणि त्याचे उत्तर मुलाला येत असते, परंतु ते समजून घेण्याइतकी भाषा घरात कोणाकडेच नसते. या लेखाचा विषय या क्षणापासून सुरू होतो.

४. भाषेचा अडसर

येथे ‘भाषा’ हा शब्द दोन्ही अर्थांनी घ्यावयास हवा. पहिला अर्थ अक्षरशः इंग्रजीचा. महाराष्ट्रातील मराठी माध्यमाच्या शाळांत पहिलीपासून इंग्रजी हा विषय २००० साली सुरू झाला. त्यापूर्वी इंग्रजीची मुळाक्षरे पाचवीत गिरवली जात. म्हणजे २००० साली दहा वर्षांचे असलेले मराठी माध्यमातील मूल नुकतेच इंग्रजी अक्षरे जुळवू लागलेले होते आणि त्याच्यापुढील पडदा पूर्णपणे इंग्रजीत बोलत होता. विंडोज ९८ मध्ये एखादा प्रोग्राम कोलमडला की, त्याने ‘इल्लीगल ऑपरेशन’ केल्याचा संदेश येत असे. शब्दकोश घेऊन बसणाऱ्या पालकास त्याचा अर्थ ‘बेकायदेशीर कृत्य’ असा लागे. शासकीय नोकरीतील माणसाच्या घरात या दोन शब्दांनी किती धास्ती निर्माण केली असेल, याची कल्पना करता येते.

देवनागरीची तांत्रिक सोय तेव्हा नव्हती असे नाही. पुण्याच्या सी-डॅकने भारतीय लिप्यांसाठी जिस्ट तंत्रज्ञान विकसित केले होते, इन्स्क्रिप्ट कळफलक ठरलेला होता आणि १९९१ मध्ये भारतीय लिप्यांच्या संकेतनाचे प्रमाणही निश्चित झाले होते. त्याच वर्षी युनिकोडच्या पहिल्या आवृत्तीत देवनागरीचा समावेश झाला. परंतु घरगुती संगणकाच्या कार्यप्रणालीत देवनागरीला अंगभूत स्थान मिळाले ते विंडोज २००० पासून. तोपर्यंत, आणि व्यवहारात त्यानंतरही बराच काळ, मराठी म्हणजे स्वतंत्रपणे विकत घेतलेला किंवा कोणाकडून तरी उतरवून घेतलेला फॉन्ट असे. तो दुसऱ्या संगणकावर नसेल तर मजकुराची निरर्थक चिन्हे होत. परिणामी आजी-आजोबांच्या दृष्टीने संगणक निरक्षरच राहिला.

दुसरा अर्थ अधिक सूक्ष्म आहे. मुलाजवळ संगणकाविषयी बोलण्यासाठी जे शब्द होते, ते घरात कोणाजवळच नव्हते. क्रिकेटविषयी मूल आजोबांशी बोलू शकत होते, गणिताविषयी वडिलांशी, गोष्टींविषयी आईशी. संगणकावर मात्र तो जे करीत होता, ते सांगावयाचे तर ऐकणाऱ्यास आधी पाच गोष्टी समजावून द्याव्या लागत. दमछाक झाली की मूल सांगणे सोडून देते. पालकांची तक्रार असते की, ‘तो बोलतच नाही, सारखा त्या डबड्यासमोर बसतो.’ हॉलिंगवर्थ यांनी वर्णिलेले एकटेपण ते हेच होय. संगणकाने ते निर्माण केले नाही. पण त्याला बसण्यासाठी एक खुर्ची मात्र मिळवून दिली.

५. अध्यापनाची उलटलेली दिशा

मानववंशशास्त्रज्ञ मार्गारेट मीड यांनी १९७० मध्ये संस्कृतींचे तीन प्रकार सांगितले. पहिल्या प्रकारात मुले वडीलधाऱ्यांकडून शिकतात. दुसऱ्यात लहानमोठे सर्वच आपापल्या समवयस्कांकडून शिकतात. तिसऱ्यात प्रौढांना मुलांकडून शिकावे लागते. कारण ज्या जगात मुले जन्मली, त्या जगात प्रौढ हे स्थलांतरितांसारखे नवखे असतात. मराठी कुटुंब वर्षानुवर्षे प्रामुख्याने पहिल्या प्रकारात जगत आले. घरातील पहिला संगणक त्यास एका उडीत तिसऱ्या प्रकारात नेऊन सोडतो.

महाराष्ट्रात या उडीला शासकीय धोरणानेही हातभार लावला. महाराष्ट्र ज्ञान महामंडळाची स्थापना २००१ मध्ये झाली आणि त्याच सुमारास एमएस-सीआयटी हा संगणक साक्षरतेचा अभ्यासक्रम सुरू झाला. शासकीय कर्मचाऱ्यांस संगणक अर्हता आवश्यक ठरल्यामुळे आणि तिचा संबंध वेतनवाढीशी जोडला गेल्यामुळे, चाळिशी-पन्नाशीतील शिक्षक, लिपिक व तलाठी गावोगावच्या केंद्रांवर माऊस हाती धरू लागले. ज्यांच्या घरी संगणक होता, त्यांचा सराव घरच्या मुलाच्या देखरेखीखाली होऊ लागला. आयुष्यभर इतरांच्या वह्या तपासलेल्या व्यक्तीची चूक तिचाच मुलगा दाखवू लागला.

नाशिक शहराला प्रौढ विद्यार्थ्याची कल्पना नवीन नव्हती. १९८९ मध्ये स्थापन झालेल्या यशवंतराव चव्हाण महाराष्ट्र मुक्त विद्यापीठाचे मुख्यालय गंगापूर धरणाच्या परिसरात आहे आणि ‘ज्ञानगंगा घरोघरी’ हे त्याचे ब्रीद आहे. शिक्षण सुटलेल्या गृहिणी आणि कामगार यांनी उतारवयात पुस्तक हाती घेण्यास या विद्यापीठाने प्रतिष्ठा मिळवून दिली. परंतु तेथेही शिकवणारा वयाने वा अधिकाराने मोठा असतो, हे गृहीत धरलेले होते. ज्ञानगंगा घरातच उगम पावेल आणि तिचा प्रवाह लहानाकडून मोठ्याकडे वाहील, ही शक्यता सर्वांनाच नवी होती.

तरीही ही कल्पना आपल्या परंपरेस सर्वस्वी परकी नाही. योगसामर्थ्याने दीर्घायुषी झालेल्या चांगदेवांनी वयाने लहान असलेल्या मुक्ताबाईचे शिष्यत्व पत्करले, अशी वारकरी परंपरेची धारणा आहे. ज्यांची समाधी नाशिक जिल्ह्यातील त्र्यंबकेश्वर येथे आहे ते निवृत्तिनाथ आपल्या धाकट्या भावाचे गुरू होते, तेव्हा वयाने आणि ज्ञानाने श्रेष्ठ असणे हे एकाच ठिकाणी होते. चांगदेवांच्या कथेत मात्र ते दोन ठिकाणी विभागले गेले. लक्षात घेण्याजोगी गोष्ट अशी की, या कथेत कमीपणा चांगदेवांकडे येत नाही. लहानाकडून शिकण्याची तयारी हीच त्यांची थोरवी ठरते.

घरातील वास्तव इतके सरळ नसते. या स्थितीत पालकांच्या प्रतिक्रिया साधारणतः तीन प्रकारच्या दिसून येतात. काही पालक अधिकार राखण्यासाठी संगणकच बंद करतात. कळफलक कपाटात ठेवणे, वायर काढून घेणे, परीक्षेनंतरच हात लावण्याची परवानगी देणे ही त्याची रूपे होत. काही पालक पूर्ण माघार घेतात. ‘त्याला सगळे कळते, आम्हांला काय समजणार !’ असे कौतुकाने म्हणत ते मुलाला त्याच्या जगात एकटे सोडतात. पाहुण्यांसमोर त्याची करामत दाखवली जाते, शेजाऱ्यांचे संगणक दुरुस्त करण्यास त्याला पाठवले जाते. पण त्याच्याशेजारी बसणारे कोणी नसते. तिसऱ्या प्रकारचे पालक संख्येने थोडे असतात. त्यांना संगणक येत नाही आणि ते तसे मोकळेपणाने सांगतात. मात्र खुर्ची ओढून शेजारी बसतात आणि विचारतात, ‘हे काय केलेस, मला सांग.’ पहिल्या दोन प्रतिक्रिया परस्परविरुद्ध भासल्या, तरी परिणाम एकच असतो. दोन्हींत वडीलधारी व्यक्ती मुलाच्या विचारप्रक्रियेपासून दूर जाते.

६. चुकीकडे पाहण्याची दृष्टी

प्रज्ञावान मुलास शाळेत चुकण्याची सवय नसते. शंभरपैकी अठ्ठ्याण्णव गुण मिळाले तर उरलेल्या दोनांची चौकशी घरात होते. असे मूल जेव्हा बेसिक किंवा लोगो भाषेत पहिला प्रोग्राम लिहिते, तेव्हा ते दहा मिनिटांत वीस वेळा चुकते. लोगो भाषेच्या निर्मात्यांपैकी एक असलेले सेमूर पेपर्ट यांनी १९८० मधील आपल्या ग्रंथात या अनुभवाचे मोल सांगितले आहे. प्रोग्राम चुकला म्हणजे शिक्षा होत नाही. तो कोठे चुकला हे शोधून दुरुस्त करावयाचे असते. त्यामुळे मूल स्वतःच्या विचारप्रक्रियेकडे तटस्थपणे पाहू लागते.

परंतु हा लाभ आपोआप मिळत नाही. म्युलर आणि ड्वेक यांनी १९९८ मध्ये प्रसिद्ध केलेल्या प्रयोगांत पाचवीच्या वयोगटातील मुलांपैकी काहींची बुद्धीबद्दल आणि काहींची प्रयत्नांबद्दल स्तुती केली. पुढे अवघड प्रश्नांत अपयश आल्यावर, बुद्धीबद्दल स्तुती झालेल्या मुलांची चिकाटी कमी झाली आणि त्यांची कामगिरीही खालावली. ज्या मुलास घरादाराने ‘संगणकातला किडा’ म्हणून मिरवले आहे, त्यास आपल्याला येत नाही हे मान्य करणे अधिकच कठीण जाते. मग ते अवघड काम सोडून जेथे हमखास जिंकता येते अशा खेळाकडे वळते. पालक त्यास संगणकाचे व्यसन म्हणतात. काही वेळा ते असतेही. परंतु अनेकदा ती अपयशापासून केलेली सुटका असते.

७. संशोधन काय सांगते ?

केवळ घरात संगणक आल्याने मुलाची शैक्षणिक प्रगती होते काय, हा प्रश्न संशोधकांनी काटेकोरपणे तपासला आहे. रुमानिया सरकारने अल्प उत्पन्न गटातील कुटुंबांस संगणक खरेदीसाठी २०० युरोची सवलतपत्रे दिली होती. मालामूद आणि पॉप-एलेचेस यांनी उत्पन्नमर्यादेच्या किंचित खालील आणि किंचित वरील कुटुंबांची तुलना केली. ही कुटुंबे इतर बाबतींत जवळजवळ सारखीच असल्याने, मुलांत दिसणाऱ्या फरकाचे कारण संगणक हेच असण्याची शक्यता अधिक होती. २०११ मध्ये प्रसिद्ध झालेल्या निष्कर्षांनुसार, संगणक मिळालेल्या मुलांची संगणककौशल्ये वाढली आणि बुद्धिमापनाच्या कसोटीतही काही सुधारणा दिसली. परंतु शाळेतील गुण मात्र घसरले. जेथे पालकांनी गृहपाठाविषयी नियम घालून दिले होते, तेथे ही घसरण सौम्य झाली. अमेरिकेतील कॅलिफोर्नियात फेअरली आणि रॉबिन्सन यांनी घरी संगणक नसलेल्या १,१२३ विद्यार्थ्यांवर प्रयोग केला. त्यांपैकी निम्म्यांस संगणक देण्यात आले. २०१३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्यांच्या अहवालात शालेय यशावर चांगला वा वाईट असा कोणताच परिणाम आढळला नाही.

भारतातील अनुभव यास पूरक आहे. डॉ. सुगत मित्रा यांनी २६ जानेवारी १९९९ रोजी दिल्लीतील कालकाजी येथे भिंतीत बसवलेला संगणक वस्तीतील मुलांसाठी खुला केला आणि मुले शिक्षकाविना, गटाने, तो हाताळावयास शिकली. या प्रयोगातील ‘गटाने’ हा शब्द आपण बहुधा विसरतो. भिंतीतील संगणकाभोवती मुलांचा घोळका होता. घरातील संगणकापुढे एकच खुर्ची असते.

तमिळ भाषक प्रदेशातील कलिकुप्पम गावातील त्यांचा पुढील प्रयोग आपल्या विषयाच्या अधिक जवळचा आहे. तेथील मुलांपुढे इंग्रजीतील जैवतंत्रज्ञानाचा अवघड विषय संगणकावर ठेवला गेला. प्रारंभी जवळजवळ काहीच न येणारी ही मुले स्वतःच्या बळावर सुमारे ३० टक्के गुणांपर्यंत पोहोचली. त्यानंतर त्यांच्या ओळखीच्या एका तरुण व्यक्तीस त्यांच्याबरोबर राहण्यास सांगितले गेले. तिला विषयाचे ज्ञान नव्हते. आजी ज्याप्रमाणे नातवाच्या मागे उभी राहून ‘वा ! हे कसे केलेस ? मला तर जमले नसते’ असे म्हणते, तेवढेच तिने करावयाचे होते. मुलांचे गुण सुमारे ५० टक्क्यांपर्यंत वाढले. प्रयोगाचा आवाका लहान असल्याने त्याचे सार्वत्रिकीकरण सावधपणे करावयास हवे. तरीही न जाणणारी परंतु आस्थेने विचारणारी वडीलधारी व्यक्ती शिक्षणात काय भर घालते, हे त्यातून स्पष्ट होते.

बेंजामिन ब्लूम यांनी १९८५ मध्ये प्रसिद्ध केलेला, विविध क्षेत्रांत अत्युच्च यश मिळवलेल्या १२० व्यक्तींचा अभ्यासही याच दिशेने जातो. या व्यक्तींचे पहिले शिक्षक बहुधा मोठे तज्ज्ञ नव्हते. ते प्रेमळ आणि उत्साह वाढवणारे होते. तज्ज्ञाची गरज नंतरच्या टप्प्यावर लागते.

८. दोन चरित्रांची साक्ष

लिनक्स या संगणक प्रणालीचे जनक लिनस टोरवाल्ड्स यांचा संगणकाशी पहिला परिचय १९८१ च्या सुमारास झाला. त्यांचे आजोबा हेलसिंकी विद्यापीठात संख्याशास्त्राचे प्राध्यापक होते. त्यांनी व्हिक-२० हा छोटा संगणक घेतला होता. आजोबा कागदावर प्रोग्राम लिहीत आणि अकरा-बारा वर्षांचा नातू तो संगणकात भरीत असे. येथे वडीलधाऱ्या व्यक्तीजवळ विषयाचे ज्ञानही होते आणि नातवाला सोबत घेण्याची वृत्तीही होती.

डेमिस हसाबिस यांची स्थिती निराळी होती. लंडनमधील या बुद्धिबळपटू मुलाने वयाच्या आठव्या वर्षी स्पर्धेत मिळवलेल्या बक्षिसाच्या रकमेतून स्पेक्ट्रम संगणक घेतला आणि पुस्तके वाचून तो स्वतःच प्रोग्राम लिहू लागला. त्यांच्या आईवडिलांचा तंत्रज्ञानाशी संबंध नव्हता. पुढे २०२४ मध्ये रसायनशास्त्राच्या नोबेल पारितोषिकात त्यांचा वाटा होता. पालकांचे अज्ञान हा प्रगतीतील अडथळा ठरलाच पाहिजे असे नाही, हे या उदाहरणावरून दिसते. मात्र अशा यशोगाथांवरून नियम बांधता येत नाही. ज्या प्रज्ञावान मुलांचा संगणक कपाटात गेला किंवा जी मुले खेळांत हरवली, त्यांची चरित्रे कोणी लिहीत नाही.

९. बहिणीचा प्रश्न

घरातील कोणते मूल प्रज्ञावान ठरते, हेही पुष्कळदा संगणक कोणाच्या हाती येतो यावर अवलंबून असते. अमेरिकेतील कार्नेगी मेलन विद्यापीठात मार्गोलिस आणि फिशर यांनी केलेल्या अभ्यासात, जो २००२ मध्ये ग्रंथरूपाने आला, असे आढळले की, घरचा संगणक बहुधा मुलाच्या खोलीत ठेवला जाई आणि मुलगी मागे उभी राहून पाहत असे. ही बाब ओळखून विद्यापीठाने प्रवेशाचे निकष आणि अध्यापन बदलले, तेव्हा तेथील संगणकशास्त्राच्या प्रथम वर्षातील मुलींचे प्रमाण १९९५ मधील सुमारे ७ टक्क्यांवरून २००० मध्ये ४२ टक्क्यांपर्यंत गेले. पाच वर्षांत मुलींची बुद्धी बदलली नव्हती. संधी बदलली होती. आपल्याकडे बैठकीच्या खोलीतील संगणकासमोर भाऊ बसलेला असताना बहिणीस पाणी आणावयास सांगितले जाते. या दृश्यात किती प्रज्ञा वाया गेली, याची मोजदाद कोणत्याही परीक्षेत होत नाही.

१०. काही उपाययोजना

वरील विवेचनाच्या आधारे पालकांसाठी पुढील गोष्टी सुचवता येतात. संगणक सर्वांच्या वावरात असावा. मात्र त्याच्याजवळ एक नव्हे तर दोन खुर्च्या असाव्यात. दिवसातील थोडा वेळ मुलाने आपण काय केले ते घरातील कोणासही मराठीत समजावून सांगावे. असे सांगताना त्याचे स्वतःचे आकलनही पक्के होते. गृहपाठ आणि झोप यांविषयीचे नियम आधीच ठरवावेत आणि संगणक हिरावून घेणे ही शिक्षा ठरू नये. स्तुती बुद्धीची न करता चिकाटीची करावी. भावाबहिणींच्या पाळ्या समान असाव्यात. बिघाड झाल्यास ‘कोणी केले ?’ याऐवजी ‘कसे झाले ?’ हा प्रश्न प्रथम विचारावा.

महाविद्यालयीन शिक्षकांची जबाबदारी याहून वेगळी आहे. ब्लूम यांनी सांगितलेला दुसरा टप्पा, म्हणजे तज्ज्ञ मार्गदर्शकाचा टप्पा, कुटुंब पुरवू शकत नाही. महाविद्यालय पुरवू शकते. बहुतेक महाविद्यालयांतील संगणक प्रयोगशाळा रविवारी बंद असते. महिन्यातील दोन रविवार ती परिसरातील शाळकरी मुलांसाठी खुली ठेवली आणि पदव्युत्तर विद्यार्थ्यांनी तेथे सोबत केली, तर एकट्या मुलास समानधर्मी मित्र आणि मोठी भावंडे मिळतील. २०२० च्या राष्ट्रीय शैक्षणिक धोरणाने विशेष प्रतिभा असलेल्या विद्यार्थ्यांसाठी विषयमंडळे स्थापन करण्याची आणि बी.एड. अभ्यासक्रमात प्रज्ञावान बालकांच्या शिक्षणाचे विशेषीकरण आणण्याची शिफारस केली आहे. ती प्रत्यक्षात आणण्यासाठी फार मोठा निधी लागेल असे नाही. प्रयोगशाळेची किल्ली आणि काही शिक्षकांचे रविवार एवढ्यावर प्रारंभ होऊ शकतो. त्याच दिवशी पालकांसाठीही एक बाक राखून ठेवावा. कारण मूल ज्या व्यक्तीला सांगणार आहे, तिला ऐकता येणे आवश्यक आहे.

११. समारोप

घरातील पहिला संगणक प्रज्ञावान मुलापुढे एक विशाल क्षेत्र खुले करतो आणि त्याच वेळी त्याच्या वडीलधाऱ्यांचे जाणतेपण हिरावून घेतो. हे दुसरे नुकसान सोसण्याची तयारी कुटुंबात असेल, तरच पहिला लाभ पदरात पडतो. जाणतेपण गेले तरी वडीलधारेपण जात नाही. कारण ते उत्तर देण्यावर नव्हे, तर मुलाच्या शेजारी बसण्यावर उभे असते. आता अनेक घरांत संगणकाची जागा भ्रमणध्वनीने घेतली आहे आणि त्याच्याजवळ तर दुसरी खुर्ची ठेवण्यासही जागा नाही. म्हणूनच या प्रश्नाचा विचार पूर्वीपेक्षा अधिक निकडीने होणे गरजेचे आहे.